वाचक विचारतात: गालिच्याखाली गेलेलं पत्र

मागच्या अंकात एकोणिसाव्या शतकातल्या वास्तववादी कादंबऱ्यांवर लिहिलं होतं आणि शेवटी काही शंका असल्या तर कळवा म्हणलं होतं. तर यावेळी पत्रांचा ढीग आलाय, जवळजवळ सगळी सांगली-सातारा भागातली. गंमत म्हणजे बहुतेकांचा रोख एकाच ठिकाणी आहे, योगायोग. म्हणून त्यातलीच सहा घेतलीत. नेहमीप्रमाणे नावं न छापता फक्त गाव दिलंय.

"माझी द्राक्षबाग आहे. मुलगी एम.ए. इंग्लिश करते, तिनं हार्डी या इंग्रज कादंबरीकाराची 'टेस' मला सगळी गोष्ट करून सांगितली. लग्नाआधी ती पोरगी आपली सगळी हकीकत चिठ्ठीत लिहून होणाऱ्या नवऱ्याच्या खोलीत दाराखालनं सरकवते आणि ती चिठ्ठी नेमकी गालिच्याखाली जाते. असं कुठं असतंय होय? सिनेमात चालतंय एकवेळ, पण याला वास्तववादी का म्हणायचं?" (तासगाव)

दादा, हार्डीला या योगायोगांवरनं बोल लावणारे पुष्कळ झाले, त्यामुळं तुमची शंका एकट्याची नाही. पण चिठ्ठीकडं जायच्या आधी त्याच कादंबरीतला घोडा बघू.

टेसच्या घरी एकच घोडा, प्रिन्स नावाचा, घरचा सगळा धंदा त्याच्यावर. एका रात्री मधमाश्यांच्या पेट्या घेऊन बाजाराला निघायचंय, उशीर केला तर हंगाम जातोय, आणि बाप तर पिऊन पडलाय. मग ही पोरगीच धाकट्या भावाला घेऊन गाडी जुंपते. वाटेत दोघांचा डोळा लागतो, गाडीचा कंदील विझतो, समोरनं टपालाची गाडी सुसाट येते आणि तिचा दांडा घोड्याच्या छातीत घुसतो. टेस खाली उडी मारून त्या भोकावर हात दाबून धरते, रक्त थांबवायला, आणि तोंडापासून पदरापर्यंत रक्तानं भिजते.

आता हा योगायोग आहेच, पण मागं मागं चालत जा. बाप प्यायला का, तर एका पाद्र्याला जुन्या वंशावळ्या चाळायचा नाद आणि त्यानं रस्त्यात सहज सांगितलं की तुम्ही मोठ्या सरदार घराण्यातले आहात, म्हणून हा खुशीत प्यायला. पेट्या त्याच रात्री का, तर माश्यांचा हंगाम संपत आलेला. टपालगाडी तर त्या रस्त्यानं रोजच पळते. यातलं काहीच आभाळातनं पडलेलं नाही. कूर्नो नावाच्या फ्रेंच गणितज्ञानं १८४३ साली योगायोगाची व्याख्या केली ती हीच, की एकमेकींशी संबंध नसलेल्या दोन कारणांच्या माळा एका जागी येऊन भेटल्या की त्याला आपण योगायोग म्हणतो. तुमच्या बागेचं बघा की. ऑक्टोबरात छाटणी कधी घ्यायची हा तुमचा हिशोब, ढग कुठं भरून येणार हा वाऱ्याचा हिशोब, आणि माल काढायच्या आठवड्यात दोघांची गाठ पडली की गारपीट. कारण दोन्हीला आहे, फक्त एकमेकांचं नाही.

आणि हार्डीचं खरं म्हणणं तर त्याच्या पुढं आहे. घोडा मेला हा योगायोग, पण एक घोडा मेला म्हणून अख्खं घर बसतं हा योगायोग नाही. दुसरा घ्यायला पैसा नाही, म्हणून टेसला त्या मानलेल्या श्रीमंत नातेवाइकांच्या दारात पाठवतात आणि तिथं तिचं आयुष्य नासतं. चिठ्ठीचंही तसंच आहे, आणि इथं बरेच जण एक गोष्ट विसरतात. ती चिठ्ठी टेसला लग्नाच्या आधी परत सापडते! पाकीट न फोडलेलं, गालिच्याच्या काठाखाली. ती नष्ट करते. मग जिन्यात तो भेटतो तेव्हा तोंडानं सांगायला बघते, तर तोच म्हणतो आज नको, चुका नंतर सांगू एकमेकांना. म्हणजे गालिच्यानं फक्त काही दिवस खाल्ले, बाकीचं काम त्या दोघांच्या भीतीनं केलं, आणि बाईनं असं काही सांगितलं तर समाज तिचं काय करतो त्या धाकानं.

सगळेच योगायोग असे भरीव असतात असं मी म्हणणार नाही. डिकन्सच्या 'ऑलिव्हर ट्विस्ट'मध्ये त्या पोराला चोर पहिल्यांदा ज्याचा खिसा कापायला नेतात तो निघतो त्याच्या बापाचा जुना मित्र आणि ज्या घरात दरोडा टाकायला नेतात ते निघतं त्याच्या मावशीचं. एवढ्या मोठ्या देशात! तिथं दोरी मागं ओढत गेलं की हातात लेखकाचीच बोटं येतात. मुलीला सांगा, गाठ दिसली की दोन्ही दोऱ्या मागं ओढून बघायच्या.

"परीक्षेत 'डार्विन १८५९, विज्ञानाचा प्रभाव' एवढं लिहिलं की मार्क मिळतात. पण मला कादंबरीत विज्ञान प्रत्यक्ष दिसत नाही. कुठं बघायचं?" (सातारा, विद्यार्थिनी)

डॉक्टरांकडं बघ. त्या काळच्या कादंबऱ्यांत डॉक्टर सारखे सारखे येतात आणि ते नुसते औषध द्यायला येत नाहीत.

जॉर्ज एलियट (हे एका इंग्रज लेखिकेचं टोपणनाव) हिच्या 'मिडलमार्च'मधला लिडगेट घे. कादंबरी आली १८७१-७२ मध्ये, पण गोष्ट घडते १८२९ ते १८३२ मध्ये, आणि हे मधलं चाळीस वर्षांचं अंतर फार महत्त्वाचं आहे. लिडगेट बिशाचा भक्त. बिशा म्हणजे शरीर वेगवेगळ्या ऊतींचं बनलंय असं सांगणारा फ्रेंच डॉक्टर, १८०२ सालीच वारला. लिडगेटला वाटतं या सगळ्या ऊती ज्या एका मूळ ऊतीतून निघाल्या ती आपण शोधून काढू. एलियट तिथं हळूच सांगते की उत्तर तयार होतं पण यानं प्रश्न जरा चुकीचा विचारला. कारण १८३९ मध्ये श्वाननं प्राण्यांचं शरीर पेशींचं बनतं असं मांडलं, म्हणजे शोधायची होती पेशी आणि हा शोधत होता ऊती. एलियटला लिहिताना हे माहीत आहे, लिडगेटला कळायला मार्ग नाही. हुशार आहे, कष्टाळू आहे, तरी शोधाची वाट दोन बोटं बाजूनं गेली. मला हे वाचून प्रत्येक वेळी वाईट वाटतं, खरंच.

आणि त्याचं लग्न कसं जमतं बघ. त्याला लग्न करायचंच नाहीये. रोझामंडच्या हातातली साखळी खाली पडते, हा उचलायला वाकतो, वर बघतो तर तिच्या डोळ्यांत पाणी, अर्ध्या तासात सोयरीक पक्की. एलियट या क्षणाला शब्द वापरते स्फटिक बनवणाऱ्या पिसाच्या स्पर्शाचा. घट्ट पाकात दोरा सोडला की त्याच्याभोवती खडीसाखर धरते ना, तसंच. साखळी पडणं म्हणजे नुसता दोरा, पाक आधीच तयार होता. हे सगळं तिला सुचलं कारण तिच्या घरातच विज्ञान होतं. तिचा जोडीदार लुईस हा समुद्रकाठच्या जीवांवर पुस्तक लिहिणारा, १८५६ मध्ये दोघं इंग्लंडच्या किनाऱ्यावर इल्फ्राकूमच्या खडकांत पाण्यात उतरून समुद्रफुलं गोळा करत होते.

दुसरा डॉक्टर रशियन लेखक तुर्गेनेव्हचा बझारोव, 'फादर्स अँड सन्स', १८६२. बेडूक फाडणारा, विज्ञानाशिवाय काही न मानणारा तरुण. टायफसनं मेलेल्या एका शेतकऱ्याचं शवविच्छेदन करताना त्याच्या बोटाला कापतं. तिथल्या डॉक्टरकडं जखम जाळायचं औषध नाही, घरी येऊन बापाकडं मागेपर्यंत चार तास उलटून गेलेले. बाप जुना लष्करी डॉक्टर, त्याला बघताक्षणी समजतं, आणि पोरालाही. पुढं ते दोघं एकमेकांशी धडपणे बोलत नाहीत त्या पानांसाठी तरी ही कादंबरी वाच. बोट कापणं योगायोग, पण खेड्यातल्या डॉक्टरकडं साधं औषध नसणं ही त्या वेळच्या रशियाची हकीकत.

फ्रेंच कादंबरीकार झोलाचं वेगळं. त्यानं क्लोद बर्नार या फ्रेंच शास्त्रज्ञाचं १८६५ चं प्रायोगिक वैद्यकशास्त्रावरचं पुस्तक धरून १८८० मध्ये सांगून टाकलं की कादंबरी हाच एक प्रयोग आहे, माणूस आणि आनुवंशिकता घ्यायची, परिस्थितीत टाकायचं आणि काय होतंय ते नोंदवायचं. एका घराण्यावर वीस कादंबऱ्या लिहिल्या त्यानं. मला हा दावा पटत नाही, कारण प्रयोगाचा निकाल प्रयोग करणाऱ्याला आधी माहीत नसतो आणि कादंबरीत पात्राचं काय करायचं ते लेखकच ठरवतो. पण 'जर्मिनाल' ही खाणकामगारांवरची कादंबरी लिहायच्या आधी १८८४ मध्ये तो स्वतः आंझॅंच्या कोळशाच्या खाणीत उतरून आला, ते मला त्याच्या सिद्धांतापेक्षा जास्त शास्त्रीय वाटतं. परीक्षेत हे लिहिलंस तर मार्क कमी होतील का माहीत नाही, पण लिही.

"जॉर्ज एलियटच्या 'द मिल ऑन द फ्लॉस'च्या शेवटी पूर येतो आणि बहीण-भाऊ बुडतात. आम्ही २०१९ चा पूर बघितलाय. मला तो शेवट खोटा वाटला, गोष्ट संपत नव्हती म्हणून पूर आणला असं." (सांगली, गावभाग)

काकू, मी पण गावभागातलाच. आमच्या घराच्या जिन्यात चौथ्या पायरीच्या वर अजून ती मातकट रेघ आहे, दोनदा रंग दिला तरी पावसाळ्यात परत उमटते. त्या दिवशी संध्याकाळी आम्ही पुस्तकांचं कपाट तसंच सोडलं होतं, कारण २००५ ला पाणी त्या कपाटाच्या खालच्या फळीपर्यंतच आलं होतं म्हणून खालची फळी तेवढी रिकामी केली. सकाळी वरच्या दोन फळ्या पाण्यात. फुगलेली पुस्तकं कपाटात अशी आवळून बसली होती की शेवटी फळी कापून काढायला लागली.

त्यानंतर मी 'मिल' परत वाचली आणि मला ती पहिल्यांदा नीट दिसली. पुराच्या आधी एलियट काय लिहिते बघा. म्हातारी माणसं माना हलवतात, साठ वर्षांपूर्वी अशीच हवा होती आणि पूल वाहून गेला होता म्हणतात. तरण्या पोरांनी बारकेच पूर बघितलेत, ती मनावर घेत नाहीत. काकू, हे तर आपलंच झालं की! आयर्विन पुलाजवळ पातळी ५७ फुटांच्या वर गेली त्या आदल्या दिवशीपर्यंत आपल्या गल्लीत सगळे २००५ च्या खुणेवर विसंबून होते.

पूर शेवटी चिकटवलाय असंही नाही. १८५९ च्या जानेवारीत, कादंबरी लिहायला घेतली तेव्हाच ती लंडनमध्ये जुन्या वार्षिक नोंदींत पुरांच्या हकीकती शोधत होती, आणि भरती-ओहोटीची नदी पाहिजे म्हणून ट्रेंट नदीकाठी गेन्सबरोला जाऊन बघून आली. कथेतही नदी पहिल्या पानापासून आहे. बाप टलिव्हर बुडतो तो मुळात पाण्याच्या खटल्यात! वरच्या अंगाला पिव्हार्ट नावाचा माणूस शेतीला पाणी घेणार, मग माझ्या गिरणीला पाणी कमी पडणार, म्हणून हा कोर्टात जातो आणि हरतो, गिरणी जाते. वरचा किती अडवतो, खालचा किती सोडतो, कोयना, वारणा, अलमट्टी, हे बोलणं आपल्याकडं चहाच्या टपरीवर पण चालतं, तर आपल्याला ही गोष्ट परकी वाटायचं कारण नाही. गिरणीचा मालक बदलला की नदी रागावते अशी त्या घरात एक जुनी म्हण पण आहे.

आणि शेवटचा प्रसंग परत वाचा, एकदा माझ्यासाठी. मॅगी आणि टॉम होडीत आहेत, पाण्यानं ती होडी उलटत नाही. नदीकाठच्या धक्क्यावरची मोठी लाकडी यंत्रसामग्री सुटून वाहत येते आणि तिच्याखाली ती दोघं जातात. म्हणजे मारलं कुणी, नदीनं की नदीच्या कुशीत जाऊन बसलेल्या व्यापाराच्या सामानानं? निळ्या पूररेषेच्या आत काय काय बांधलंय ते आपण रोज बघतो. त्याच महापुरात ब्रह्मनाळजवळ बोट उलटली त्याबद्दल मी इथं जास्त लिहीत नाही, ज्यांची माणसं गेली ती हे पान वाचतात.

तरी तुमचं एक म्हणणं मला मान्य आहे. दोघा भावंडांचं वैर मिटायला एलियटला पुराची मदत घ्यायला लागली, कोरड्या जमिनीवर ते कसं मिटलं असतं हे तिनं लिहिलं नाही. ती उणीव आहेच.

"मी कासच्या बाजूचा. त्या काळात पर्यावरण हा शब्दच नव्हता, मग या कादंबऱ्यांत पर्यावरण शोधणं म्हणजे आपलं आत्ताचं त्यांच्या माथी मारणं नाही का?" (सातारा तालुका)

इकॉलॉजी हा शब्द हेकेल या जर्मन शास्त्रज्ञानं १८६६ मध्ये बनवला, त्यामुळं शब्द तर शतकाच्या मध्यातच होता, प्रचारात यायला वेळ लागला. पण शब्दाआधी बघणं आलं होतं. डार्विनच्या १८५९ च्या पुस्तकात मांजराची गोष्ट आहे ना, की गावाजवळ मांजरं जास्त, म्हणून उंदीर कमी, उंदीर भुंग्यांची घरटी मोडतात ती वाचतात, भुंगे वाढले की लाल क्लोव्हर फुलतो. मांजर आणि फूल! मध्ये दोन दुवे, आणि फुलाला मांजराचा पत्ता नाही. एलियटनं हे पुस्तक निघाल्या निघाल्या वाचलं, 'मिल' लिहिताना.

कासचा आहात म्हणून हार्डीची 'द रिटर्न ऑफ द नेटिव्ह', १८७८, तुम्हाला आवडेल. एग्डन नावाचं माळरान आहे, पातळ मातीचं, झुडपांचं, नांगराला दाद न देणारं. त्यात एक रात्र आहे. वाइल्डीव्ह आणि व्हेन हे दोघं माळावर एका दगडावर कंदिलाच्या उजेडात फासे खेळतात, पैसे दुसऱ्यांचे आहेत, एका आईनं मुलासाठी आणि पुतणीसाठी धाडलेले. एक मोठा पतंग अंधारातून येतो, कंदिलाभोवती दोन घिरट्या घालतो आणि सरळ ज्योतीवर, दिवा बंद. काडी नाही. मग ते काय करतात, गवतातनं तेरा काजवे वेचून आणतात, दगडावर गोल मांडतात आणि त्या हिरव्या उजेडात पुढं खेळतात! त्याच्या आधी माळावरची चाळीस-पन्नास तट्टं येऊन टक लावून बघत उभी राहिलेली. मे-जूनमध्ये आपल्याकडं घाटात काजव्यांनी झाड भरलेलं ज्यानं बघितलंय त्याला तो उजेड किती आणि कसला हे सांगायला नको, फक्त तिकडची चमकणारी काजव्याची मादी उडत नाही, गवतात बसून चमकते.

व्हेन सगळं जिंकतो आणि चांगल्या मनानं सगळं त्या पुतणीलाच नेऊन देतो, त्यातले अर्धे मुलाचे होते हे त्याला ठाऊक नाही, आणि त्या चुकीतनं आई-मुलात गैरसमज होऊन शेवटी आई त्याच माळावर उन्हानं थकून, साप चावून मरते. पतंग, काजवे, फासा, माळ, यातलं कुठलं माणसांच्या गोष्टीचं आणि कुठलं निसर्गाचं, वेगळं काढून दाखवा बरं. मला नाही जमलं.

"मराठीत त्या शतकात असं काही आहे का?" (वाई)

सर, हरिभाऊ आपटे. त्यांनी १८९० मध्ये 'करमणूक' साप्ताहिक सुरू केलं आणि त्यात 'पण लक्षात कोण घेतो?' क्रमशः आली. यमू स्वतःची गोष्ट सांगते. तिथं नद्या-माळ नाहीत, घर आहे, माजघर आहे, पण माजघर पण परिसरच की, कोण कुठं बसतं, कुणाला पुस्तक हातात धरायची परवानगी, कुणाची नजर कुणावर. नवरा अकाली जातो, तो दैवाचा भाग, पण त्यानंतर तिचं केशवपन होतं तो दैवाचा भाग नाही, वस्तरा माणसांनी धरलाय. याहून वास्तववादी मला तरी माहीत नाही.

"हळदीचा धंदा आहे, मार्केट यार्डात. इंग्रजी बेताचं. एकच पुस्तक वाचणार असलो तर कुठलं?" (सांगली)

'द मेयर ऑफ कॅस्टरब्रिज', हार्डी, १८८६. शेठ, ते तुमचंच पुस्तक आहे, धान्याच्या व्यापाऱ्याचं. गोष्टीचा काळ इंग्लंडातला धान्य-कायदा १८४६ मध्ये रद्द व्हायच्या आधीचा, म्हणजे परदेशी धान्यावर जकात, आणि भाव ठरणार तो घरच्या पिकावर, पीक ठरणार ते हवेवर. हेंचर्ड हा गडी एका हवामान सांगणाऱ्याकडं रात्री चोरून जातो, तो सांगतो कापणीला पाऊस, हा भाव चढणार म्हणून तुफान खरेदी करतो. मग ऊन पडतं, भाव गडगडतात, घेणेकरी दारात, तोटा खाऊन माल विकून टाकतो. आणि विकून झाल्यावर, कापणी सुरू झाली रे झाली की हवा फिरते! त्या म्हाताऱ्याचं भाकीत जवळजवळ खरं ठरतं. आणखी थोडे दिवस कळ काढली असती तर तरला असता. त्याचा प्रतिस्पर्धी फारफ्रे थोडं थोडं घेत गेलेला, तो वर येतो.

हळद पेवात टाकून भावाची वाट बघत बसलेल्या माणसाला ती पानं दुसऱ्या कुणापेक्षा जास्त कळतील. वाचून झालं की मला नक्की कळवा, हेंचर्डनं माल काढला ते बरोबर केलं की चूक, हे मला व्यापाऱ्याच्या तोंडून ऐकायचंय.